कापसाच्या खोलीतलं पान

१

केतकीच्या स्वयंपाकघराला दोन दारं होती. एक मागच्या अंगणात उघडायचं आणि दुसरं कापसाच्या खोलीत. हे दुसरं दार उघडायचं नाही, असं घर भाड्याने घेतानाच ठरलं होतं. ती खोली घरमालकीण बिस्मिल्लाबीची. तिचा मुलगा रहमत गावोगाव फिरून कापूस विकत घ्यायचा आणि भाव चढेपर्यंत तिथे भरून ठेवायचा. २००६ सालच्या त्या भाद्रपदात मागच्या हंगामाचा कापूस अजून तिथेच पडून होता, कारण भाव चढायचं नाव घेत नव्हता. खोली जवळजवळ छतापर्यंत भरलेली होती. तिचं मोठं लोखंडी दार पलीकडच्या गल्लीत होतं आणि त्याच्या कुलपाला गंज चढला होता.

यवतमाळात त्या दिवसांत कापूस अडकून पडलेल्या खोल्यांचं कोणाला नवल नव्हतं. नवल याचं, की पांढरीपांड्यांची सून बिस्मिल्लाबीच्या घरात भाड्याने राहायला गेली. नातेवाइकांनी यथेच्छ नाकं मुरडली. केतकीने ते मनावर घेतलं नाही. शाळा हाकेच्या अंतरावर होती, नळाला पाणी होतं आणि शेजारीण जागती होती. नवरा श्रेयस सरकारी सर्वेक्षणाच्या कामावर घाटंजीला असायचा. तो शनिवारी यायचा आणि सोमवारी पहाटेच्या एसटीने परत जायचा. एरवी घरात केतकी आणि तिची नऊ वर्षांची मुलगी भैरवी, अशा दोघीच.

दोघी म्हणायच्या, पण आवाज दहा जणांचा. भैरवी पाय आपटत चालायची, ताटावर चमचा वाजवायची, अंघोळ करताना पाढे म्हणायची. बिस्मिल्लाबी भिंतीपलीकडून म्हणायची, "तुमची पोरगी घरात हाय का शाळेत, हे मले घड्याळ न पाहता समजते."

केतकी शाळेत विज्ञान शिकवायची. इतिहासाच्या बाई बाळंतपणाच्या रजेवर गेल्या आणि नागपूरहून आलेलं एक प्रदर्शन तिच्या गळ्यात पडलं. दुसऱ्या महायुद्धात युरोपातल्या ज्यू मुलांचं काय झालं, त्याचे फोटो आणि मजकूर. केतकीने ते काम प्रयोगवहीसारखं नेटकं केलं. चौथीच्या वर्गातल्या प्रत्येकाला तिने एकेक मूल वाटून दिलं. फोटो, नाव, गाव, चार ओळींची हकीकत. पाहुणे आले की आपलं नाव सांगायचं नाही, त्या मुलाचं सांगायचं, म्हणजे ते लक्षात राहील, अशी तिची कल्पना.

भैरवीच्या वाट्याला रिफ्का आली. पोलंडमधल्या एका खेड्यातली, हिच्याच वयाची. जर्मन सैनिक घराघरातून ज्यू कुटुंबं काढून नेत होते, तेव्हा एका शेतकरणीने रिफ्काला आणि आणखी काही मुलांना गवताच्या माळ्यावर लपवलं. मुलं दिवसभर बोलायची नाहीत, खोकायची नाहीत, नावाने हाक आली तरी ओ द्यायची नाहीत. असे दोन हिवाळे गेले. मग शेजारच्या बाईने सांगितलं. हकीकत तिथेच संपत होती.

"कोणाला सांगितलं?" भैरवीने विचारलं.

"सैनिकांना."

"काहून?"

केतकीला ते माहीत नव्हतं. मग तिने पहिल्या फलकावरचा मजकूर वाचून दाखवला. आधी त्या लोकांना उंदीर म्हणायला सुरुवात झाली. वर्तमानपत्रात, भिंतीवरच्या चित्रांत, सगळीकडे उंदीर. माणसाबद्दल असं बोलायची एकदा सवय लागली की त्याच्याविषयी सांगायला जिभेला काही वाटत नाही.

प्रदर्शन छान झालं. एका स्थानिक दैनिकात फोटो आला, त्यात मुख्यतः प्रमुख पाहुणे दिसत होते. पुढच्या आठवड्यात फलक गुंडाळून नागपूरला परत गेले आणि शाळेत स्वच्छता सप्ताह सुरू झाला. भैरवीने मात्र रिफ्काचं कार्ड उशीखाली ठेवलं.

२

श्रेयसच्या घरी सर्वपित्रीला एक जास्तीचं पान वाढायची पद्धत होती. घरच्या पितरांची पानं झाली की शेवटचं पान ज्यांच्या मागे कोणीच उरलं नाही त्यांचं. ते अंगणाच्या टोकाला, कुंपणाबाहेर ठेवायचं, भोवती पाणी फिरवायचं आणि मागे न बघता घरात यायचं. बोलावलं, जेवू घातलं, आता आपल्या वाटेने जा, असा त्याचा अर्थ. श्रेयसची आई होती तोवर ती या पानाकडे डोळ्यात तेल घालून बघायची. एक वेळ खिरीला साखर कमी पडली तर चालेल, पण हे पान उंबऱ्याच्या आत राहता कामा नये. केतकीचा असल्या गोष्टींवर विश्वास नव्हता. पण श्रेयससाठी ती सगळं करायची, आणि वडे तिलाही आवडायचे.

त्या वर्षी श्रेयस रजा काढून आला होता. बाहेरच्या खोलीत त्याचं तर्पण चाललं होतं आणि केतकी कढईसमोर होती. भैरवी ओट्याला टेकून उभी राहिली.

"आई, रिफ्काच्या मागे कोणी आहे?"

"नसेल बहुतेक."

"मग हे शेवटचं पान तिचं?"

"असू दे तिचं."

"आणि माळ्यावरच्या बाकीच्यांचं पण?"

"सगळ्यांचं. जा, तूच ठेवून ये. माझे वडे जळून राहिलेत."

केतकीला नंतर पुष्कळदा वाटलं की कढई उतरवून ठेवायला किती वेळ लागला असता.

दुपारी उष्टी-खरकटी आवरताना तिचं लक्ष कुंपणाकडे गेलं. तिथे पान नव्हतं, शीत नव्हतं, कावळ्यांची गडबडही नव्हती.

"भैरवी, पान कुठे ठेवलंस?"

"आत." भैरवीने कापसाच्या खोलीच्या दाराकडे बोट दाखवलं. "बाहेर कशी येतील ती? बाहेर दिसली तर धरून नेतील ना. मी त्यांना सांगितलं, इथेच राहा, मी कोणाला नाही सांगणार."

केतकी हसली. तिने श्रेयसला ते सांगितलं, तोही हसला, पण जरा उशिरा. "काढ बाई ते बाहेर," तो म्हणाला.

कडी काढली तशी कापसाची कोंदट ऊब तोंडावर आली. दार उघडलं की समोर लगेच ढीगच होता. उंबऱ्यापाशी हातभर जागा, तिथे पान असायला हवं होतं. नव्हतं. केतकीने ढिगाच्या बुडाशी हात घालून चाचपलं तर बोटांना काहीतरी टणक लागलं. तिने ते ओढून काढलं. पत्रावळच होती. मिटून, पुन्हा मिटून, मुठीत मावेल एवढी लहान केलेली आणि कापसात आत खोल सारलेली. उलगडली तर तिच्यावर एक शीत नव्हतं, कढीचा डाग नव्हता. कोणीतरी चाटून पुसून स्वच्छ केली होती.

"मांजर शिरलं असेल," श्रेयस म्हणाला.

मांजर पत्रावळीची घडी घालत नाही, हे दोघांनाही माहीत होतं. केतकीने पान कचऱ्यात टाकलं आणि हात धुतले.

३

आधी एक गोष्ट बंद झाली, आणि ती बंद झाली हे कळायलाच काही दिवस गेले. कापसाच्या खोलीत उंदीर होते. सरकीच्या आशेने येतात ते. केतकी पोळ्या लाटत असली की दारापलीकडून त्यांची खुडबुड ऐकू यायची. सर्वपित्रीनंतर ती ऐकू येईनाशी झाली. बरंच झालं, असं तिला वाटलं.

मग एकदा सिलिंडरवाला आला. त्याने अंगणाचं दार धाडधाड वाजवलं आणि केतकीच्या पाठीमागे, त्या खोलीत, काहीतरी थांबलं. काय थांबलं ते तिला सांगता आलं नसतं, कारण त्याआधीही आवाज नव्हताच. तिने सिलिंडर घेतला, नळी जोडली, साबणाचं पाणी लावून गळती तपासली. सगळं करताना तिचा कान मागे होता. सिलिंडरवाल्याची गाडी गल्लीतून निघून गेली तेव्हा ते जे थांबलं होतं ते हळूच सुटलं.

दुसऱ्या दिवशी दूधवाल्याच्या वेळी तेच झालं. मग पेपरच्या बिलाला आलेल्या माणसाच्या वेळी.

केतकी विज्ञानाची बाई होती. कापूस आवाज शोषून घेतो, हे तिने स्वतः मुलांना शिकवलं होतं. तेव्हा त्या खोलीत शांतता असणारच. पण बारा वर्षं वर्गावर काढलेल्या बाईला आणखीही एक गोष्ट कळते. रिकाम्या वर्गाची शांतता निराळी, आणि मुलं गप्प बसलेल्या वर्गाची निराळी. बाई व्हरांड्यातून येताना दार बंद असलं तरी तिला कळतं की आत मुलं आहेत आणि ती तोंडावर हात धरून बसली आहेत. केतकीला हे इतकं पक्कं ठाऊक होतं की तिला स्वतःचाच राग आला.

एका दुपारी तिने कडी काढली. ती अर्धी रजा टाकून घरी आली होती, भैरवी शाळेत होती, बाहेर लख्ख ऊन होतं. खोलीला वर एक झरोका होता, त्यातून उजेडाची तिरीप ढिगावर पडली होती. ढिगाच्या उताराला खळगे दिसत होते. फार मोठे नव्हते. गुडघे पोटाशी घेऊन कोणी बसलं तर पडतील एवढे, एकाला लागून एक, आणि सगळे झरोक्याच्या उजेडापासून दूर. उजेड पडत होता तिथे एकही नव्हता.

मांजरी, तिने स्वतःला सांगितलं. मांजरांना ऊब लागते.

तिने जवळच्या खळग्यात हात घातला. गरम होता. साठवलेला कापूस गरम होतोच, तेही ती शिकवायची. हात काढून घेऊन ती नुसती बघत राहिली, आणि तिच्या डोळ्यांदेखत शेजारचा खळगा हळूहळू वर येऊ लागला. दाबलेला कापूस मोकळा सोडला की असाच फुगतो. त्यात न समजण्यासारखं काही नाही. फक्त तो नुकताच मोकळा व्हावा लागतो.

केतकीने दार लावलं, कडी घातली आणि दाराला पिठाचा डबा टेकवून ठेवला.

४

तिला खरी धास्ती बसली ती भैरवीची.

भैरवीच्या पायांचा आवाज बंद झाला. कढी ढवळताना केतकी वळायची तर पोर मागेच उभी असायची, केव्हाची कोण जाणे. हाक मारली की ओ द्यायची नाही. जवळ जाऊन खांद्याला हात लावला की दचकून बघायची. ताटातली अर्धी पोळी कुठे जायची कळत नव्हतं, आणि संध्याकाळी फ्रॉकच्या शिवणीत कापसाचे तंतू सापडायचे. भैरवीच्या वर्गाच्या बाईंनी तक्रार केली, हजेरीला नाव घेतलं तर ही बोलतच नाही.

घरी भुलाबाई मांडली होती. महिनाभर रोज संध्याकाळी गल्लीतल्या मुली फेर धरायच्या, गाणी म्हणायच्या, आणि शेवटी केतकी झाकलेला डबा कानाशी वाजवून दाखवायची. आत काय खाऊ आहे ते आवाजावरून ओळखायचं. यात भैरवीचा हात धरणारं कोणी नव्हतं. मुरमुरे का लाह्या, इतका बारीक फरकही तिला नुसत्या आवाजाने कळायचा आणि ती सगळ्यांच्या आधी ओरडायची. आता ती फेरात नुसते ओठ हलवायची. डबा वाजला की तिचे डोळे चमकायचे, उत्तर तोंडात आलेलं दिसायचं, आणि ती ते गिळायची.

शनिवारी श्रेयस आला. त्याने सगळं ऐकून घेतलं. "माझ्या कामात रोजच आहे हे," तो म्हणाला. "गावात जीप शिरली की दारं लागतात. आत माणसं असतात, पोरं असतात, पण चिटपाखरू बोलत नाही. पोरं मोठ्यांचं बघून शिकतात. तू तिला फार रागावतेस का?" आणि सोमवारी पहाटे तो निघून गेला.

त्याच आठवड्यात भैरवीला खोकला झाला. एका संध्याकाळी केतकी खोलीत शिरली तर पोर कोपऱ्यात बसलेली, फ्रॉकचा घेर गोळा करून तिने तोंडात कोंबला होता. खोकल्याने अंग हादरत होतं, चेहरा जांभळा पडला होता आणि आवाज काडीचाही नव्हता. केतकीने तो बोळा ओढून काढला. भैरवीने भस्सकन श्वास घेतला आणि लगेच दोन्ही हात तोंडावर दाबले.

"काय करून राहिलीस तू? मरशील ना!"

भैरवी कुजबुजली, "एकाचा आवाज झाला तर सगळी सापडतात."

केतकीला त्या रात्री झोप लागली नाही. तिला कोण सापडतं आणि कोण नाही याच्याशी कर्तव्य नव्हतं. तिला तिची पोर हवी होती, पाय आपटणारी, ताट वाजवणारी. सकाळी तिने कापसाच्या खोलीच्या दाराला कुलूप घातलं, किल्ली मसाल्याच्या डब्यात लपवली आणि दुपारी बिस्मिल्लाबीकडे गेली.

रमजान सुरू होता. बिस्मिल्लाबी इफ्तारच्या भज्यांसाठी भिजवलेली डाळ निथळत बसली होती.

"चाची, मागची खोली लवकर रिकामी होईल का?"

"काहून वं मॅडम? रहमत म्हन्ते, ईदवरी थांबू. भाव येईन थोडाफार."

खरं काय सांगणार? माझी मुलगी अशी वागते, खोलीत मला असं वाटतं, कापूस आपोआप वर येतो? केतकीने घरमालकिणीला पटेल असं कारण शोधलं. ते शोधायला तिला फार वेळ लागला नाही.

"उंदीर झालेत, चाची."

"या अल्ला! उंदीर?" बिस्मिल्लाबीने डाळ बाजूला ठेवली. "मंग तर सारा कापूस कुरतडून टाकतीन. भावाचं कायले घेऊन बसता. मी आजच सांगतो रहमतले. रामधन मुकादमले धाडून देतो, एका दिवसात खोली साफ."

केतकी सुटल्यासारखी उठली. बाहेर आली तर पायरीवर भैरवी बसली होती, शाळेतून नुकतीच आलेली, दप्तर पाठीवर तसंच. ती चपलेचा पट्टा लावत होती. वर न बघता लावतच राहिली.

५

कोजागिरीच्या आदल्या दिवशी ट्रक येणार होता, दुपारून. तो सकाळीच आला. केतकी अंघोळ करून बाहेर आली तेव्हा पलीकडच्या गल्लीत माणसांचे आवाज येत होते आणि भैरवीचं अंथरूण रिकामं होतं. तिने अंगण बघितलं, संडास बघितला, बिस्मिल्लाबीच्या दाराशी जाऊन आली. मग स्वयंपाकघरात आली. मसाल्याचा डबा उघडा होता. कापसाच्या खोलीचं कुलूप कोयंड्यात लोंबकळत होतं.

रामधन हमालांचा मुकादम होता आणि त्याच्या माणसांची कामाची रीत केतकीने दरवर्षी पाहिली होती. दोघं-तिघं ढिगावर चढतात, वरून कापूस ओढून मोठमोठ्या बोऱ्यांत भरतात, आणि बोऱ्यात एक जण उतरून पायांनी तुडवून तो गच्च चेपतो. ढिगात काय आहे ते कोणी बघत नाही. कापूसच असतो.

ती आत शिरली. "भैरवी!"

पलीकडच्या लोखंडी दाराच्या गंजलेल्या कुलपावर कोणीतरी हातोडा घातला. ठण्. सगळी खोली आवळल्यासारखी झाली.

"भैरवी, बाहेर ये! ऐकतेस का? भैरवी!"

ती जितकं मोठ्याने हाक मारत होती तितकी ती शांतता घट्ट होत होती. तिने दोन्ही हातांनी कापूस उपसायला सुरुवात केली. तंतू नाकात गेले, डोळ्यांत गेले. उपसलेल्या जागी वरचा कापूस घसरून येत होता. या ढिगात खोकला दाबून बसलेल्या पोराला किती वेळ श्वास पुरेल, हे विज्ञानाच्या बाईला कोणी सांगायला नको होतं. "थांबा!" ती पलीकडे ओरडली, "रामधन, थांबा!" हातोड्याच्या आवाजात तिचं तिलाच ऐकू आलं नाही.

आणि मग तिच्या लक्षात आलं. एक बाई नाव घेऊन ओरडते आहे आणि दुसरीकडून कोणी दार ठोकतं आहे. अशा वेळी काय करायचं, हे आतल्यांना चांगलं शिकवलेलं आहे.

ती धावत स्वयंपाकघरात गेली. भुलाबाईचा डबा फळीवर होता, संध्याकाळसाठी भरून ठेवलेला. ती परत आली, ढिगापुढे गुडघ्यांवर बसली आणि डबा हलवला. काही बोलली नाही. पुन्हा हलवला. रोज संध्याकाळी हलवायची तसाच, आधी हळू, मग जोरात.

"ओळखा," ती म्हणाली. आवाज होता होईल तेवढा साधा ठेवला.

बराच वेळ काही नाही. मग कापसाच्या पोटातून दबलेला खोकला आला, आणि त्याच्या मागोमाग, राहवेना म्हणून सुटलेलं, "फुटाणे."

केतकीने आवाजाच्या दिशेने खांद्यापर्यंत हात आत घातला. बोटांना बोटं लागली. तिने ती घट्ट धरली. "चल, माझं बाळ. ये." लहानसा हात होता. तिने ओढलं तसा तो आधी आला, मग अडला. अडल्यावर तिला त्याची हाडं जाणवली. इतकी हाडं भैरवीच्या हाताला नव्हती. तो हात तिच्या मुठीतून सुटू बघत होता, झटका न देता, एकेक बोट अलगद सोडवत, आवाज होऊ नये अशा बेताने.

"आई," भैरवी म्हणाली.

ती पलीकडच्या भिंतीपाशी ढिगातून अर्धी बाहेर आली होती. केसांपासून पापण्यांपर्यंत पांढरी. तिचे दोन्ही हात समोर होते आणि त्यांत अर्धी पोळी होती.

केतकीचा खांदा ज्या भोकात गेला होता तिथला कापूस थोडा खाली ढासळला. आत अंधार होता. त्या अंधारात तिला एक कपाळ दिसलं, आणि त्याखाली गच्च मिटलेले डोळे. फार लहान मुलं मिटतात तसे. आपण डोळे मिटले की आपण कोणाला दिसत नाही, असं त्यांना वाटतं. त्याच्या मागे आणखीही होते. सगळे मिटलेले.

कुलूप तुटलं. लोखंडी दार करकरत उघडलं आणि गल्लीतलं ऊन आत पसरलं. रामधन डोक्याला फडकं बांधून दारात उभा होता, मागे त्याची माणसं, खांद्यावर रिकामे बोरे.

"अरे! मॅडम, तुमी अंदर काय करून राह्यल्या?" तो म्हणाला. "आन् ही पोरगी... चाल वं माय, बाहेर हो. कापसात घुसत असतेत का? जीव जाते." त्याने भैरवीला बखोटीला धरून उतरवलं, अंगावरचा कापूस झटकला. मग ढिगाकडे पाहिलं. "अजून कोनी हाय का अंदर?"

भैरवीने आईकडे पाहिलं.

केतकीचा हात अजून कापसात होता. तिच्या मुठीतली बोटं आता सुटायची धडपड करत नव्हती. धरतही नव्हती. ती बोटं नुसती वाट बघत होती. आज नको, परत जा, असं रामधनला म्हणता आलं असतं. आतलं दार उघडं होतं, अंगण होतं, कुंपणाबाहेरची वाट होती. हे तिला सगळं नंतर सुचलं. त्या क्षणी तिला एवढंच कळत होतं की आपली मुलगी बाहेर आली आहे, ती श्वास घेते आहे, आणि हे सगळं आज इथेच संपवायचं आहे.

"नाही," ती म्हणाली. "आत कोणी नाही."

आणि तिने हात बाहेर काढला.

माणसं ढिगावर चढली. बोरे उघडले, भरले, त्यांत एकेक जण उतरला आणि पायाने चेपू लागला. केतकी भैरवीला कुशीत धरून स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर उभी होती आणि तिने कान देऊन ऐकलं. हमाल एकमेकांना शिव्या देत होते, कोणीतरी तंबाखू मागत होतं. दुसरं काही नाही. एक हुंकारसुद्धा नाही. दोन हिवाळे सराव केल्यासारखी शांतता होती.

दुपारपर्यंत खोली मोकळी झाली. चार भिंती आणि शेणाने सारवलेली भुई. रामधन घाम पुसत दारात आला.

"मॅडम, तुमी तर म्हनलं होतं उंदीर झाले," तो म्हणाला. "एक उंदीर नाही निंगाला. लेंडीबी नाही."

६

भैरवी बरी झाली. खोकला गेला, भूक परत आली. हाक मारली की ओ देऊ लागली, तीही पहिल्याच हाकेला. कोजागिरीला भुलाबाईची शेवटची गाणी झाली तेव्हा ती सगळ्यांच्या वरच्या आवाजात म्हणाली आणि डब्यातल्या लाह्या तिनेच ओळखल्या. श्रेयसला फार आनंद झाला. मी म्हटलं नव्हतं, तो म्हणाला, पोरं आहेत, आपोआप सुधारतात. मागच्या खोलीत नवा कापूस आला आणि त्याबरोबर उंदीरही आले. पोळ्या लाटताना त्यांची खुडबुड ऐकू आली की केतकीला बरं वाटायचं.

विचारलं भैरवीने एकदाच. रविवारची गोष्ट. केतकी तिच्या केसांना तेल लावून फणी घालत होती आणि फणीला अजून कापसाचे तंतू येत होते.

"आई, चाचीला तूच सांगितलंस ना? उंदीर झालेत म्हणून?"

केतकी फणी फिरवत राहिली. "खोली रिकामी करायची होती म्हणून तसं म्हटलं, बाळा. काहीतरी कारण द्यावं लागतं."

भैरवीने फणीतला एक तंतू ओढून बोटाला गुंडाळला. रागावलेली नव्हती. तिला फक्त एक गोष्ट सांगायची राहिली होती.

"मी रिफ्काला म्हटलं होतं," ती म्हणाली, "माझी आई सांगणार नाही."

केतकीने तिची वेणी घातली, रिबीन बांधली. रिफ्काचं कार्ड त्यानंतर उशीखाली दिसलं नाही आणि केतकीने शोधलंही नाही.

आता घर पूर्वीसारखं आहे. भैरवी पाय आपटत चालते, पाढे म्हणते, चमचा वाजवते. सिलिंडरवाला येतो, दूधवाला येतो, मतदार यादीवाले येतात आणि विचारतात, घरात कोण कोण आहे. दार वाजलं की मात्र भैरवी हातातलं सगळं ठेवून स्तब्ध उभी राहते. दाराकडे ती बघत नाही. आईच्या तोंडाकडे बघते.